तिळातिळानं

खुर्ची आणू नका. कांद्याच्या चाळीच्या पूर्वेला डाळिंबाची रिकामी कॅरेटं पडलेली असतात, त्यातलं एक उपडं करा आणि त्यावर बसा. पाठ चाळीच्या बांबूंना टेकली तरी चालेल. फेब्रुवारीतली सकाळ आहे, साडेसात होत आलेत. मोसम नदीकडचा गारवा अजून मोडलेला नाही, पण ऊन खांद्यापर्यंत पोचलंय. फोन खिशात राहू द्या. डोळे मात्र मिटायचे नाहीत. मननाला बसलं की डोळे मिटायची आपली जुनी सवय. आज ती बाजूला ठेवायची. समोर दहा-बारा पावलांवर ठिबकच्या व्हॉल्व्हपाशी खूण म्हणून रोवलेला एक खुंट आहे. आज बघायचं ते एवढंच, तो खुंट.

त्याच्या पलीकडे कांदा आहे. उन्हाळ कांदा, पात हिरवीगार, पायाशी पाणी नुकतंच देऊन झालेलं. त्याच्यापलीकडे डाळिंबाची बाग, मग बाभळी, मग नदी. वरच्या अंगाला हरणबारीचं धरण, खालच्या अंगाला मालेगाव, तिथं मोसम गिरणेला मिळते. हे सगळं तुम्हाला ठाऊकच आहे, म्हणून त्याच्यावर रेंगाळत नाही. बागलाणातल्या माणसाला नामपूर सांगायचं म्हणजे आजोळाला मामाची ओळख करून देण्यासारखं.

श्वास मोजू नका. तो चाललाय, चालू द्या. खुंटाकडे बघा.

आला.

कुठून आला ते दिसलं नाही, असंच होतं नेहमी. मघाशी खुंट होता, आता खुंटावर पक्षी आहे. चिमणीएवढा, पण चिमणीपेक्षा सडसडीत आणि उभट. बसल्या बसल्या पुढून एकदा लवला, जणू कुणाला रामराम घातला, आणि मागे शेपटी थरथरली. लवला, थरथरली. मग स्थिर. याचं नाव थिरथिरा. पुस्तकात ‘कृष्ण थिरथिरा’ म्हणून शोधा. नाव ठेवणाऱ्यानं पक्ष्याकडे नीट बघून ठेवलंय; रंगाच्या आधी त्यानं हालचाल पकडली.

घाईनं कॅमेरा काढावासा वाटेल. नका काढू. रंग सावकाश बघा, वरून खाली. डोकं, गळा, छाती काजळीसारखी काळी. कपाळाच्या वर थोडी राख सांडल्यासारखी. छातीचा काळा रंग जिथं संपतो तिथून खाली पोट एकदम तांबूस, विटकरीच्या जवळचं, नव्या कौलाला पहिल्या पावसानंतर रंग येतो तसं. पाठीमागचा कंबरेचा भाग तसाच, आणि शेपटीही तशीच, फक्त शेपटीच्या मधली दोन पिसं गडद. म्हणून ती थरथरली की काळ्या रेघेच्या दोन्ही बाजूंना निखारा फुंकल्यासारखा दिसतो. हा नर. मादी साधी, मातकट तपकिरी, डोळ्याभोवती फिकट कडं; ती ढेकळावर बसली तर ढेकूळच. पण उडाली की तिच्याही शेपटीतला तांबूसपणा लपत नाही.

आपल्याकडे बारमाही राहणारा एक चिरक आहे. त्याच्याशी याची गल्लत होते, माझीही पुष्कळ वर्षं व्हायची. चिरकाचा नरही काळा, पण त्याचा तांबूसपणा शेपटीखाली लपलेला, आणि शेपटी कायम वर उभारलेली, पाटलाच्या मिशीसारखी. थिरथिऱ्याच्या शेपटीला हा ताठा नाही.

आता एक गंमत सांगतो, आणि मग जरा वेळ गप्प राहू. ऑक्टोबरात हा पक्षी येतो तेव्हा इतका काळा नसतो. नव्या पिसांच्या टोकांना करडी किनार असते, त्यामुळे छाती धुरकट दिसते, राखेत लोळून उठल्यासारखी. हिवाळाभर तो काट्याकुट्यांत, भिंतींच्या फटींत, मातीत वावरतो आणि ती किनार झिजते. झिजता झिजता खालचा काळा रंग उघडा पडतो. ठेवणीतला पोशाख म्हणून त्याला नवी पिसं फुटत नाहीत. तो वापरून वापरून देखणा होतो. आपल्या घरातल्या पितळी तांब्याचं असंच आहे, पाट्या-वरवंट्याचं असंच आहे. माणसाच्या बाबतीत मी काही बोलत नाही.

गप्प राहू.

ऐकू आलं? बारीक, कोरडं ‘विट्... विट्...’, मधूनच दोन खडे एकमेकांवर आपटावेत तसं ‘टक्’. तेल न घातलेल्या दाराची बिजागरी कुणी हळूहळू हलवतंय, असं मला नेहमी वाटतं. एवढंच त्याचं इथलं बोलणं. खरं म्हणजे हा गाणाऱ्या पक्ष्यांच्या कुळातला. विणीच्या जागी नर दगडावर बसून गातो, आणि त्या गाण्याच्या मधोमध एक चमत्कारिक खरखर असते, कुणी मुठीत वाळू घेऊन चुरावी तशी. ते पुरतं गाणं नामपूरच्या वाट्याला जवळजवळ येतच नाही. सात महिने शेजारी राहणाऱ्या माणसाचा आवाज आपण फक्त ‘हं’, ‘हो’ एवढाच ऐकावा, आणि तो गावाकडे भजनं गातो हे दुसऱ्याकडून कळावं, तसं हे आहे.

खिशात दहाची नाणी आहेत का? दोन काढा, तळहातावर ठेवा. पंधरा-साडेपंधरा ग्रॅम भरतील. एवढाच हा पक्षी. पिसं, हाडं, काळीज, डोळे, सगळं धरून एवढंच. मूठ बंद करू नका, नुसती तोला. आणि आता उत्तरेकडे तोंड करा, मान वळवली तरी पुरे. तिकडे साक्री, तापी, सातपुडा, माळवा, राजस्थान, पंजाब, मग डोंगर, मग बर्फ. नामपूरहून लेह सरळ रेषेत साधारण दीड हजार किलोमीटर. हिमालयाच्या उंच, उघड्या, झाडं नसलेल्या भागात, तिबेटात, मध्य आशियात हे पक्षी उन्हाळ्यात घरटी करतात. दगडी गडग्यांच्या फटीत, कपारीत, घरांच्या भिंतींतल्या भोकांत. मूळचा हा कड्याकपारीचा जीव. त्याला भिंत म्हणजे कडाच वाटते. युरोपात याच जातीचे पक्षी पार शहरांत उतरले. दुसऱ्या महायुद्धात लंडनवर बॉम्ब पडून इमारतींचे ढिगारे झाले, तर त्या ढिगाऱ्यांत यांनी घरटी केली. कुणाचा उजाडलेला वाडा, तर कुणाची नवी कपार. आमच्याकडे साल्हेर-मुल्हेरसारखे अस्सल कातळ हाकेच्या अंतरावर असताना त्याला ही कांद्याची चाळ का आवडावी, याचं मला पूर्वी नवल वाटायचं. मग एका ऑक्टोबरात कारण नाकानंच सांगितलं. तेव्हा चाळीत उरलासुरला उन्हाळ कांदा असतो, त्यात सडका माल निघतो, आणि सडक्या कांद्यावर चिलटं घोंघावतात. त्याचं ताट आम्ही वाढून ठेवलेलं असतं, आमच्या नुकसानीत.

बघा, खाली उतरला. खुंटावरून थेट जमिनीवर, दोन पावलं उडी मारल्यासारखी टाकली, चोचीनं काहीतरी टिपलं आणि परत खुंटावर. मुंगी असेल, भुंगेरा असेल, कोळी असेल. परत लवला. परत शेपटी.

आता बघण्याची जागा बदलायची नाही, पण बघण्याची रीत बदलायची. शेपटी थरथरते ते बघू नका. ती थांबते ते बघा. थरथर, थांबली. थरथर, थांबली. मधली ती जागा किती लांब आहे? कधी एक श्वास, कधी तीन. तिच्यात काय चाललंय? डोळा फिरतोय. मान किंचित वळली. छातीवरचं एक पीस वाऱ्यानं उचललं आणि ठेवलं. तुमचं मन मध्येच बाजारभावाकडे गेलं असेल, घरच्या फोनकडे गेलं असेल. जाऊ द्या. पुढच्या थरथरीला परत या. हा पक्षी दर चार क्षणांनी तुम्हाला हाक मारतोय, परतायला उशीर झाला तरी बिघडत नाही.

शेजारच्या मळ्यातले आप्पा मोटार चालू करायला निघालेत. बांधावर थांबून विचारतील, ‘काय देखी ऱ्हायना रे भाऊ?’ मी एकदा बोट दाखवलं होतं. आप्पांनी डोळ्यांवर हात धरून पाहिलं आणि म्हणाले, ‘हाऊ? हाऊ दरसाल येस. थंडी पडनी का येस.’ मग दोन पावलं पुढे जाऊन वळून म्हणाले, ‘जास कव्हय, ते कोनले समजत नही.’ आणि मोटारीकडे गेले. पक्षिनिरीक्षणाच्या पुस्तकांतून मला जे मिळालं त्यातलं बरंचसं या दोन वाक्यांत होतं, हे कळायला पुढची काही वर्षं गेली.

‘जास कव्हय’, जातो कधी, या प्रश्नाशी आता बसू. घाई नाही, ऊन अजून कोवळं आहे.

लहानपणी संक्रांतीला घरात एक वाक्य हमखास ऐकू यायचं, आजपासून दिवस तिळातिळानं मोठा होणार. आम्ही ते ऐकत तीळगूळ खायचो. त्या वाक्याला हिशेब असेल असं कधी वाटलं नाही. हिशेब असा आहे: डिसेंबरच्या अखेरीला नामपुरात सूर्य उगवण्यापासून मावळण्यापर्यंत अकरा तासांना थोडं कमी भरतं. एप्रिलच्या मध्याला तेच साडेबारा तासांच्या वर जातं. मधल्या दिवसांत रोजचा फरक साधारण मिनिटभराचा. म्हणजे आजचा दिवस कालच्यापेक्षा मिनिटभर मोठा. हाच तो तीळ.

तुम्हाला जाणवला का? मला तर नाही. बल्ब, पंखा, घड्याळ, रात्रीचं लोडशेडिंग आणि त्या वेळापत्रकाप्रमाणे पाणी भरणं, यांत मिनिटभर उजेडाची काय पत्रास! पण समोर बघा. या वावरात त्या मिनिटाची नोंद ठेवणारे दोघे आहेत.

एक कांदा. ऑक्टोबर-नोव्हेंबरात उळं टाकलं, रोप झालं, डिसेंबर-जानेवारीत लावणी झाली. महिनाभर नुसती पात वाढते, खाली काही नाही. उपटून पाहिलं तर करंगळीएवढी पांढरी मान. मग दिवस एका मापापर्यंत लांबतो, ऊब वाढते, आणि कांदा पोसायला लागतो. उजेड मोजते ती पात, फुगतं ते मातीखालचं पोट. आपल्याकडचे कांद्याचे वाण साधारण अकरा-बारा तासांच्या दिवसावर पोसणारे. युरोप-अमेरिकेच्या थंड मुलखातले वाण चौदा-सोळा तासांचा दिवस मागतात. ते इथं लावले तर पातच पात मिळेल. झाडं दिवसाची लांबी ओळखतात हे १९२० साली अमेरिकेत गार्नर आणि अ‍ॅलार्ड या दोघांनी तंबाखू आणि सोयाबीनवर प्रयोग करून मांडलं. त्याच्या कितीतरी आधीपासून आमच्या भागातल्या बायका ‘वेळेवर लावला नाही तर डोंगळेच निघतील’ असं सांगत आल्यात. त्यांनी त्यावर निबंध लिहिला नाही, इतकंच. डोंगळ्याला, म्हणजे कांद्याच्या फुलाच्या दांड्याला, थंडीही कारण असते, पण वेळ चुकली हे निदान बरोबरच.

दुसरा नोंद ठेवणारा खुंटावर बसलाय. कॅनडातल्या एडमंटन इथं विल्यम रोवन नावाच्या प्राध्यापकानं १९२० च्या दशकात जुंको नावाचे छोटे पक्षी ऐन हिवाळ्यात उघड्यावरच्या पिंजऱ्यात ठेवले. बाहेर कडाक्याची थंडी. संध्याकाळ झाली की पिंजऱ्यात विजेचे दिवे लागायचे, रोज थोडा थोडा जास्त वेळ. बर्फातसुद्धा त्या पक्ष्यांच्या अंगात वसंत सुरू झाला, विणीची इंद्रियं वाढली. थंडीनं नाही, भुकेनं नाही, नुसत्या उजेडाच्या लांबीनं. पुढे आणखी एक गोष्ट समजली, ती मला अजूनही बसल्या जागी थांबवते: पक्षी हा उजेड फक्त डोळ्यांनी मोजत नाहीत. तो त्यांच्या पातळ कवटीतून आत झिरपतो आणि मेंदूत खोलवर बसलेल्या पेशींना कळतो.

टोपी काढा. रुमाल बांधला असेल तर तोही सोडा. टाळूवर ऊन येऊ द्या. आपली कवटी जाड, आपल्याला काही कळणार नाही, तरी बसा. समोरच्या काजळी डोक्यात या क्षणी हेच ऊन आत शिरतंय आणि तिथं कुठंतरी एक आकडा पुढे सरकतोय, असं मनात आणा. कालच्यापेक्षा एक तीळ जास्त.

या आकड्याच्या मागे आणखी एक घड्याळ आहे, आतलं. जर्मनीत एबरहार्ड ग्विनर यांनी असेच छोटे पक्षी महिनोन्‌महिने एकसारख्या उजेडात ठेवले. बाहेरचा ऋतू कळायला वावच नाही. तरी स्थलांतराचा हंगाम आला की ते रात्री पिंजऱ्यात फडफडू लागले, या दांडीवरून त्या दांडीवर. जर्मनांनी या तळमळीला स्वतंत्र शब्दच केलाय. आपल्याकडे शब्द नसला तरी ओळख आहे. दिवाळी झाली की साक्रीकडचे ठेलारी मेंढ्या घेऊन बाहेर पडतात. घोड्यावर संसार, पुढे कळप. त्यांच्यातल्या एका म्हाताऱ्यानं आमच्या वावरात मेंढ्या बसवल्या होत्या. त्यानं मला सांगितलं की गावात चार महिने झाले की अंथरुणात झोप लागत नाही, पाय खाजतात. त्याला ग्विनर माहीत असायचं कारण नव्हतं.

आता ते मिनिट घेऊ. फक्त एक, आजच्या वाट्याला आलेलं. घड्याळ बघायचं नाही. पंधरा-सोळा श्वास म्हणजे साधारण मिनिट. या मिनिटात काहीही साधायचं नाही. काल ते नव्हतं. काल या वेळेच्या हिशेबात तेवढा अंधार होता. खुंट, पक्षी, पात, टाळूवरचं ऊन.

...

झालं.

बहुतेक मधेच तो उडाला असेल. त्याचा एक ठराविक फेरा असतो: खुंट, मग विहिरीचा कठडा, मग गोठ्याच्या पत्र्याची कड, मग चाळीचं टोक, परत खुंट. हिवाळ्यात नर काय, मादी काय, प्रत्येकजण आपापला तुकडा धरून एकटा राहतो. दुसरा आत आला की हाकलतो. आमच्या मळ्यात तीन महिने मी एकच नर आणि नदीकडच्या बाजूला एकच मादी बघत आलोय, आणि दोघांची कधी भेट घडलेली पाहिली नाही. लोक त्याला पाहुणा म्हणतात. वर्तमानपत्रांत तर ‘परदेशी पाहुणे दाखल’ हा मथळा ठरलेलाच. मला तो शब्द पटत नाही. सप्टेंबरच्या अखेरीला किंवा ऑक्टोबरच्या पहिल्या आठवड्यात येतो, एप्रिल उजाडेपर्यंत राहतो. बारापैकी सहा-सात महिने ज्याचं खाणंपिणं, भांडणतंटा, बांधाची राखण सगळं इथं, तो पाहुणा कसला? वाटेकरीच म्हणा. मुंबईच्या बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीची माणसं पक्ष्यांच्या पायात अ‍ॅल्युमिनियमचं हलकं कडं घालतात, सापडल्यास मुंबईला कळवा अशा अर्थाचा मजकूर असलेलं. जगभरात अशा कड्यांमुळे समजलं की पुष्कळ छोटे पक्षी हजारो मैल जाऊन पुढच्या हिवाळ्यात त्याच अंगणात परततात. आमच्याच्या पायात कडं नाही. म्हणून गेल्या साली होता तोच हा, असं मी शपथेवर सांगत नाही. खुंट तोच आहे.

मार्च येईल. पात माना टाकील, काढणी सुरू होईल. बाया ओळीनं बसून विळ्यानं कांदा खांडतील, कांद्याच्या पोळी, म्हणजे ढीग, घातल्या जातील, त्यांच्यावर पातीचं पांघरूण. उकरलेल्या मातीत किडे उघडे पडतात, तेव्हा थिरथिरा बायांच्या अगदी जवळ येतो, हातभर अंतरावर. तेव्हा तो खातोही जास्त. त्या दोन नाण्यांवर चरबी चढते, तीच वाटेची शिदोरी. आणि मग एका रात्री तो उठतो. या जातीचे छोटे पक्षी बहुतेक रात्रीच प्रवास करतात. हवा गार असते, शिक्रा झोपलेला असतो, वर तारे असतात. मोटारीच्या वेळापत्रकाप्रमाणे तुम्ही रात्री दोनला पाणी भरायला उठला असाल, बॅटरी घेऊन बांधावरून चालला असाल, त्याच वेळी डोक्यावरून गेला असेल. वर बघितलं असतं तरी दिसला नसता.

आमच्या ओसरीवर कालनिर्णय टांगलेलं असतं. दुधाचे खाडे, गॅसची तारीख, मजुरांची हजेरी, सगळं त्याच्यावर. ऑक्टोबरच्या एका चौकोनात दर वर्षी मी बारीक अक्षरात ‘थि. आला’ असं लिहितो. ‘थि. गेला’ हे लिहायची तयारी मी चार वर्षं केली. रोज सकाळी बघायचं आणि ज्या दिवशी दिसणार नाही त्या दिवशी लिहायचं, असं ठरवलं. पण पहिल्या दिवशी दिसला नाही तर वाटतं विहिरीकडे असेल. दुसऱ्या दिवशी ट्रॅक्टर येतो, चाळ भरायला माणसं लागतात, बघायचं राहून जातं. तिसऱ्या दिवशी बाजार समितीत नंबर. आठवड्यानं आठवण होते तेव्हा कुठला चौकोन धरायचा? एप्रिल कोराच राहतो.

त्या दिवसांत या कॅरेटावर बसायला जागा नसते. चाळ छतापर्यंत भरलेली असते, कांद्याचा वास दाटलेला असतो, खुंटावर पांढरे ठिपके वाळून गेलेले असतात आणि कुणीतरी त्यालाच पाण्याची बाटली आणि सदरा अडकवलेला असतो.